काळ्या पाषाणाचा उलगडा

सोलापुरात उभं राहून चहूबाजूंना पाहिलं तर डोंगर म्हणावा असा डोंगर नजरेत येत नाही. उत्तरेला बार्शीच्या अंगाला बालाघाटाचे उतरत आलेले पदर, बाकी सगळा माळ. बहमनी काळात इथे किल्ला बांधायची वेळ आली तेव्हा ना कडा हाताशी होता ना माची. म्हणून भुईकोट बांधला आणि सभोवती खंदक खणला. गडकोटांच्या महाराष्ट्रात आपला जिल्हा सपाट म्हणूनच ओळखला जातो. तरीही भारताच्या भूमीवर झालेल्या एका अफाट ज्वालामुखी उद्रेकाची गोष्ट सोलापुरात बसून सांगायचा आपल्याला पुरेपूर हक्क आहे. गावोगावच्या जुन्या वाड्यांची जोती ज्या दगडाची, विहिरींची बांधणी ज्या दगडाची, रस्त्यावरची खडी ज्या दगडाची, तो काळा पाषाण म्हणजे थिजलेला लाव्हा आहे.

आज हे शाळेतलं पोरही सांगेल. पण हे कळायला कित्येक दशकं लागली. ते कुणाला, कुठे आणि कशावरून कळत गेलं, हा इतिहास मात्र आपल्याकडे फारसा सांगितला गेला नाही. तो सांगण्याजोगा आहे, कारण त्यात गोगलगायी आहेत, बेडूक आहेत, बोरघाटातले हजारो मजूर आहेत, आणि नागपूरजवळच्या एका ओढ्यात बुडून मेलेला पाद्रीही आहे.

आधी खडकाकडे पाहू. वैशाख महिन्यात आटलेल्या एखाद्या जुन्या, न बांधलेल्या विहिरीत वाकून पाहिलं की सगळा ग्रंथ उघडा पडतो. वर हात-दोन हात काळी माती. तिच्याखाली पिवळट-तांबूस मुरूम, पहारीच्या एका घावात भुगा होणारा. मग मांजऱ्या: करडा, सच्छिद्र खडक, त्यातल्या लहान लहान पोकळ्यांत पांढऱ्या, कधी हिरवट गारा भरलेल्या. त्याच्या खाली काळा पाषाण, एकजिनसी, सुतकीचा घाव परतवून लावणारा. इथे पूर्वी सुरुंगाशिवाय काम पुढे सरकत नसे. आणि पाषाण संपला की एकाएकी विटेच्या रंगाचा, हातभर जाडीचा लाल पट्टा लागतो. त्याच्याखाली पुन्हा मांजऱ्या, पुन्हा पाषाण. जणू भाकरींची चवड, एकीवर एक रचलेली.

विहिरी खणणाऱ्या वडार मंडळींना हा क्रम तोंडपाठ होता. पाणी कुठे झिरपेल, कुठे पाषाण कोरडा निघेल, लाल पट्टा लागला की पुढे काय, याचा अंदाज घेऊनच ते विहिरीच्या खोलीचा उक्ता ठरवत. मांजऱ्या म्हणजे लाव्हाच्या प्रवाहाचा वरचा, वायूच्या बुडबुड्यांनी सच्छिद्र झालेला भाग. पाषाण म्हणजे त्याच प्रवाहाचं सावकाश थंड झालेलं पोट. आणि लाल पट्टा म्हणजे दोन उद्रेकांच्या मधल्या काळात झिजलेला, पुढच्या लाव्हाने भाजून निघालेला थर. ही कारणं त्यांना ठाऊक नव्हती. थर मात्र त्यांनी कुठल्याही भूशास्त्रज्ञाच्या कितीतरी आधी मोजले होते. त्यांची नावं कुठल्याही कागदावर नाहीत, आणि या विषयाचा इतिहास लिहिताना ही उणीव मला सतत सलते.

कागदावरची गोष्ट सुरू होते ती मराठेशाहीच्या शेवटापासून. मे १८१८ मध्ये इंग्रज सेनानी मन्रोच्या फौजेने सोलापूरचा किल्ला घेतला. त्याच वर्षी हेन्री व्हॉयसी नावाच्या डॉक्टरची नेमणूक हिंदुस्थानच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणात झाली. दक्षिणेकडून उत्तरेकडे त्रिकोणांची साखळी टाकत निघालेल्या विल्यम लॅम्बटनच्या तुकडीत तो शल्यचिकित्सक होता आणि भूशास्त्रज्ञही. आजाऱ्यांना औषध द्यायचं आणि वाटेतला खडक तपासायचा, अशी दुहेरी चाकरी. २० जानेवारी १८२३ रोजी लॅम्बटन वर्ध्याजवळच्या हिंगणघाटला वारला; त्याची कबर तिथेच आहे. पुढच्याच एप्रिलमध्ये व्हॉयसी वऱ्हाडात गाविलगडच्या डोंगरात फिरत असताना त्याला एक चमत्कारिक गोष्ट दिसली. काळ्या पाषाणाच्या थरांमध्ये दगड झालेले शिंपले होते.

व्हॉयसीला हे प्रकरण तडीस नेता आलं नाही. वर्षभरात, एप्रिल १८२४ मध्ये, तो वारला. शिंपल्यांवरचं त्याचं टिपण छापून आलं ते १८३३ मध्ये, तो जाऊन नऊ वर्षं झाल्यावर. पण त्या शिंपल्यांनी उभा केलेला प्रश्न पुढची चाळीस वर्षं मिटला नाही. हा खडक वितळून आलेला असेल, तर त्याच्या पोटात जीव कसे?

१८२४ मध्येच मुंबई सरकारने कर्नल विल्यम हेन्री साइक्सला दख्खनचा सांख्यिकी अधिकारी नेमलं. सोलापूर तेव्हा स्वतंत्र जिल्हा नव्हता, तो १८३८ मध्ये झाला. हा सगळा मुलूख नव्याने हाती आलेला आणि सरकारला तो मोजून हवा होता. माणसं, जनावरं, पिकं, वजनमापं, पाऊस, सगळं. साइक्स गावोगाव हिंडला. कामापलीकडचं कुतूहल असलेला हा माणूस होता. त्याने दख्खनच्या पक्ष्यांची यादी केली. आपल्या माळावर दिसणारा एक तुरेवाला चंडोल आजही त्याच्याच नावाने ओळखला जातो. आणि हिंडता हिंडता तो डोंगरांकडे पाहत राहिला.

त्याला दिसलं ते असं. सह्याद्रीतले डोंगर जगातल्या इतर डोंगरांसारखे नाहीत. त्यांचे थर दुमडलेले नाहीत, वाकलेले नाहीत. पाण्याच्या पातळीसारखे आडवे आहेत. एका डोंगराच्या अंगावर जो कडा ज्या उंचीवर आहे, तोच दरीपलीकडच्या डोंगरावर जवळपास त्याच उंचीवर सापडतो. कडा, मग उतार, मग पुन्हा कडा, अशा पायऱ्या कोसच्या कोस चालतात. मध्येच लोहयुक्त लाल मातीचे थर, कुठे षट्कोनी खांबांसारखा फुटलेला बेसाल्ट, म्हणजे आपला काळा पाषाणच, कुठे आडव्या थरांना चिरत वर गेलेल्या उभ्या भिंती. १८३३ मध्ये लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीपुढे त्याने हे सगळं मांडलं. माथे सपाट आणि कडे उभे, ही जी जागा मराठ्यांनी गडांसाठी हेरली, तीच जागा साइक्सच्या वहीत भूशास्त्राचा पुरावा म्हणून आली. माची, कडा, बालेकिल्ला हे सगळं लाव्हाच्या थरांनी आधीच आखून ठेवलेलं होतं.

मग तोंड कुठे आहे? ज्वालामुखी म्हटला की लोकांच्या डोळ्यापुढे व्हेसुव्हियस येई: शंकूसारखा डोंगर, माथ्यावर विवर. भारतात तसा जागता ज्वालामुखी एकच, अंदमानातलं बॅरन बेट, आणि ते तर समुद्रात. कळसूबाई १,६४६ मीटर उंच, महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर. पण तिच्या माथ्यावर विवर नाही. साल्हेरला नाही, महाबळेश्वरला नाही. ज्याने हा सगळा लाव्हा ओतला तो डोंगर दख्खनमध्ये कुठेच उभा नव्हता. त्यामुळे अनेकांनी असा तर्क बांधला की हे सगळं समुद्राच्या तळाशी घडलं असावं. पाण्याच्या भाराखाली लाव्हा पसरतो, म्हणून थर इतके सपाट, आणि शिंपलेही त्याच समुद्रातले. ऐकायला हे पटण्यासारखं होतं.

त्याला छेद द्यायला सुरुवात केली ती जॉन ग्रँट मॅल्कमसनने. हाही डॉक्टरच, मद्रास फौजेतला. निर्मळच्या आसपासच्या टेकड्यांतून त्याने लाव्हाच्या थरांमधल्या गाळात सापडणारे जीवाश्म गोळा केले आणि १८३७ मध्ये ते लंडनला मांडले. त्यातला सर्वांत बोलका जीव म्हणजे फायसा जातीची गोगलगाय. तिचा शंख पातळ, आणि बहुतेक गोगलगायींच्या उलट, डाव्या अंगाने वळलेला. टोक वर धरून समोर पाहिलं तर तोंड डाव्या हाताला येतं. ही गोगलगाय खाऱ्या पाण्यात राहत नाही. तिला तळं लागतं, ओढ्याचं संथ पाणी लागतं, पाणवनस्पती लागतात. दोन लाव्हांच्या मध्ये गोड्या पाण्याची तळी साचली होती, त्यांच्यात जीवसृष्टी नांदली होती, आणि मग पुढच्या लाव्हाने ती गाडली होती. ज्या थरांत समुद्रातला प्राणी शोधायचा, तिथे गावतळ्यातली गोगलगाय निघाली.

दहा वर्षांनी मुंबईने भर घातली. वरळीच्या बाजूला खोदकामात दोन बेसाल्टांच्या मधल्या चिकणमातीच्या दगडात इवल्याशा बेडकांचे सांगाडे निघाले. रिचर्ड ओवेन या विलायतेतल्या नामांकित शरीरशास्त्रज्ञाने १८४७ मध्ये त्यांचं वर्णन केलं. बेडूक समुद्रात राहत नाही, एवढं सांगायला ओवेनची गरज नव्हती. पुढे हेन्री कार्टर या मुंबईच्या डॉक्टरने शहराच्या खडकांचा तपशीलवार अभ्यास केला. यातले बहुतेक जण डॉक्टर होते, ही गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. पगार औषधपाण्याचा, आणि जीव गुंतलेला दगडात.

भूशास्त्र असं शिंपल्यांवरून आणि सांगाड्यांवरून पुढे सरकत होतं, त्याच वेळी या खडकाशी दुसराच एक झगडा चालू झाला, आणि सोलापूरचं नशीब त्या झगड्याला बांधलेलं होतं. मुंबईची रेल्वे घाटावर आणायची होती. चीफ इंजिनिअर जेम्स बर्कली. बोरघाटाचं कंत्राट विल्यम फॅव्हिएलने घेतलं आणि जानेवारी १८५६ मध्ये काम सुरू झालं. पायथ्यापासून माथ्यापर्यंत १,८३१ फूट चढ, सुमारे १६ मैलांचा मार्ग, २५ बोगदे. डायनामाइट अजून जन्माला आलं नव्हतं. नोबेलने त्याचं पेटंट घेतलं ते १८६७ मध्ये. बोरघाट फोडला तो पहारीने भोक पाडून, त्यात तोफेची दारू ठासून. काही बोगद्यांच्या तोंडापर्यंत पोचायला पाऊलवाटही नव्हती. माणसं दोराने कड्यावरून खाली सोडली जात, आणि तशीच लोंबकळत ती पहिलं भोक पाडत.

हा खडक तोच, साइक्सने पायऱ्या-पायऱ्यांचा म्हणून लिहिलेला. मांजऱ्या लागला की छत ढासळण्याची भीती, पाषाण लागला की पहारीची धार दिवसातून कितीदा लावावी लागे याला गणती नाही. पावसाळ्यात काम जवळपास ठप्प होई आणि पटकी मजुरांच्या झोपड्यांवर उतरे. १८५९ च्या सुरुवातीला मजुरीवरून दंगा झाला. फॅव्हिएलने कंत्राट सोडलं. सॉलोमन ट्रेडवेल नावाचा दुसरा कंत्राटदार आला आणि थोड्याच दिवसांत वारला. मग त्याच्या विधवेने, अ‍ॅलिस ट्रेडवेलने, काम हातात ठेवलं आणि अनुभवी माणसं नेमून ते तडीस नेलं. जानेवारी १८६१ मध्ये बोरघाटात ४२,००० माणसं कामावर होती. त्यातले हजारो तिथेच गेले. अ‍ॅलिसचं नाव राहिलं, बर्कलीचं राहिलं. त्या बेचाळीस हजारांतलं एकही नाव मला कुठल्या वर्णनात भेटलेलं नाही.

या फोडाफोडीतून एक अनपेक्षित लेणं बाहेर पडलं. मांजऱ्याच्या पोकळ्यांत ज्या गारा आपल्याला विहिरीत नखाएवढ्या दिसतात, त्या बोरघाटात मुठीएवढ्या निघाल्या: काचेसारखा पारदर्शक अपोफिलाइट, मोराच्या पिसाऱ्यासारखा उलगडलेला स्टिलबाइट. थंड होत चाललेल्या लाव्हातून गरम पाणी शतकानुशतकं झिरपत राहिलं आणि वायूच्या रिकाम्या बुडबुड्यांत हे स्फटिक वाढले. रेल्वेच्या कामातून निघालेले हे नमुने युरोपातल्या संग्रहालयांत जाऊन बसले. आजही महाराष्ट्राच्या झिओलाइट स्फटिकांना जगभर मान आहे.

गंमत अशी की घाट फुटायच्या आधीच सोलापूरला गाडी आली. वरच्या सपाट मुलखात रूळ टाकायला अडथळा नव्हता. खंडाळा ते पुणे १८५८ मध्ये सुरू झालं, तिथून रूळ भीमेच्या खोऱ्यातून पुढे सरकत गेले, बार्शी रोड म्हणजे आजचं कुर्डुवाडी, मग मोहोळ, आणि १८६० मध्ये सोलापूर. म्हणजे तीन वर्षं अशी गेली की सोलापूरचा माणूस गाडीने खंडाळ्यापर्यंत जाई, तिथे उतरे, पालखी, तट्टू नाहीतर बैलगाडीने घाट उतरून खोपोली गाठे, आणि तिथे मुंबईच्या गाडीत बसे. कापसाचे गठ्ठेही तसेच उतरत. एप्रिल १८६३ मध्ये गव्हर्नर बार्टल फ्रिअरने बोरघाट खुला केला आणि ही उतरचढ संपली. सोलापूरची पहिली कापडगिरणी १८७७ ची; तिच्या भोंग्यामागे बोरघाटात फुटलेला लाव्हा आहे, हे आपल्या शहराच्या इतिहासात ठळकपणे लिहायला हवं.

त्याच १८६३ सालात या कथेतला एक मोहरा गळाला. स्टीफन हिस्लॉप हा स्कॉटिश पाद्री १८४० च्या दशकापासून नागपुरात होता. शाळा चालवणं, धर्मप्रसार, आणि उरलेल्या वेळात दगड. रॉबर्ट हंटर या सहकाऱ्याबरोबर १८५१ मध्ये त्याला नागपूरच्या आसपास लाव्हाच्या थरांमधल्या गाळात जीवाश्मांचा खजिना सापडला: फायसाची भावंडं, माशांचे खवले, फळं, बिया, लाकूड. १८५५ आणि १८६० मध्ये त्याने जे निबंध लिहिले त्यांनी गाविलगड, निर्मळ, वरळी आणि नागपूर यांची सांगड घातली. चंद्रपूरकडच्या पिसदुऱ्याहून त्याने मोठ्या प्राण्यांची हाडंही गोळा केली. त्याआधी १८२८ मध्ये जबलपूरच्या छावणीजवळ कॅप्टन स्लीमनला, ठगांचा बीमोड करणाऱ्या त्याच स्लीमनला, लाव्हाच्या लगेच खालच्या थरात अशीच अगडबंब हाडं मिळाली होती. ती डायनासोरची होती हे कळायला १८७७ उजाडावं लागलं. ४ सप्टेंबर १८६३ च्या संध्याकाळी टाकळघाटची प्राचीन शिलावर्तुळं पाहून घोड्यावरून परतताना हिस्लॉप भरून वाहणाऱ्या ओढ्यात बुडाला. वय ४५. नागपूरचं हिस्लॉप कॉलेज त्याच्याच नावाचं.

सगळे धागे एकत्र ओवले ते विल्यम ब्लॅनफर्डने. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण १८५१ मध्ये स्थापन झालं होतं. ब्लॅनफर्ड त्याचा अधिकारी. पश्चिम आणि मध्य भारत पायाखाली घालून त्याने १८६७ मध्ये आपला मोठा प्रबंध प्रसिद्ध केला. निष्कर्ष स्वच्छ होते. हा लाव्हा उघड्या जमिनीवर ओतला गेला. दोन उद्रेकांच्या मध्ये इतका काळ गेला की माती तयार झाली, तळी साचली, झाडं उगवली. आणि हे सगळं खडूच्या युगाच्या, म्हणजे क्रिटेशियसच्या, शेवटी घडलं. हिस्लॉप त्याला अधिक अलीकडचं मानत होता. पुढच्या शतकाने ब्लॅनफर्डच्या बाजूने कौल दिला. १८७९ मध्ये मेडलिकॉट आणि ब्लॅनफर्ड यांच्या भारतीय भूशास्त्राच्या ग्रंथात हे चित्र पक्कं झालं.

मग विवराचं काय? त्याचं उत्तर आइसलँडमध्ये मिळत होतं. तिथे जून १७८३ मध्ये लाकी भागात डोंगर न फुटता जमीनच सत्तावीस किलोमीटर लांब फाटली आणि आठ महिने लाव्हा वाहत राहिला. विषारी धुक्याने गवत जळलं, गुरं मेली, आणि दुष्काळात देशातली पाचातली एक व्यक्ती दगावली. दख्खनचा उद्रेक या जातीचा. नर्मदा-तापीच्या खोऱ्यात, कोकण किनाऱ्याला समांतर आणि नाशिक-पुण्याच्या टापूत ज्या उभ्या दगडी भिंती जमीन चिरून वर आलेल्या दिसतात, त्या म्हणजे या भेगांत अडकून थिजलेला लाव्हा. साइक्सने त्या नोंदवल्या होत्याच. परिमाण मात्र लाकीच्या कल्पनेत मावणार नाही एवढं: आज उरलेला भागच सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर. काही प्रवाह पूर्वेकडे वाहत थेट राजमहेंद्रीपर्यंत, बंगालच्या उपसागराच्या काठापर्यंत गेले. पृथ्वीवरच्या ज्ञात लाव्हा प्रवाहांत याहून लांबचा प्रवास कुणी केलेला नाही.

हे कागदावर पक्कं होत असतानाच आपल्या जिल्ह्यात त्याच खडकाची दुसरी बाजू सरकारच्या लक्षात येत होती. काळा पाषाण पाणी धरत नाही. पाऊस पडला तर मुरमात आणि मांजऱ्यात थोडं साठतं, फटींतून थोडं खाली उतरतं, बाकी सीना-भीमेत वाहून जातं. म्हणून १८६६ मध्ये सोलापूरच्या ईशान्येला आदिला नदीवर एकरुख तलावाचं काम सुरू झालं, कर्नल फाइफच्या आराखड्यानुसार, आणि १८७१ मध्ये ते संपलं. गावकरी त्याला हिप्परगा तलाव म्हणतात. १८७६-७७ च्या दुष्काळात सोलापूर जिल्हा होरपळून निघाला तेव्हा दुष्काळी काम म्हणून आष्टीच्या तलावाची माती पडू लागली. त्याच १८७६ सालात रॉबर्ट ब्रूस फूटचा दक्षिण महाराष्ट्राच्या भूशास्त्रावरचा ग्रंथ आला. लाव्हाची दक्षिणेकडची कड कुठून कुठे जाते हे त्याने आखून दाखवलं. एका बाजूला खडकाचा नकाशा, दुसऱ्या बाजूला त्याच खडकावर अन्नपाण्यावाचून तडफडणारी माणसं. हे दोन कागद त्या वर्षी कुणी शेजारी शेजारी ठेवून वाचले असते तर विहिरी आणि तलाव कुठे घ्यायचे हे शास्त्राने सांगायला १९७० चं दशक आणि १९७२ चा दुष्काळ उजाडावा लागला नसता, असं मला मनापासून वाटतं. राज्याची भूजल सर्वेक्षण यंत्रणा त्याच सुमारास उभी राहिली, आणि वडारांना ठाऊक असलेला थरांचा क्रम प्रथमच गावोगावच्या तक्त्यांवर आला.

विसाव्या शतकात या खडकाने अख्ख्या जगाला धक्का दिला. लाव्हा थिजताना त्यातले लोहकण त्या क्षणीच्या पृथ्वीच्या चुंबकत्वाची दिशा धरून बसतात, आणि तो कल जागेच्या अक्षांशाप्रमाणे बदलतो. १९५६ मध्ये नोबेल विजेते पॅट्रिक ब्लॅकेट यांच्या लंडनच्या गटाने दख्खनच्या बेसाल्टाचे नमुने मोजले. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत सहस्रबुद्धे, राधाकृष्णमूर्ती आणि डॉइच यांनी तेच काम पुढे नेलं. उत्तर एकच येत होतं: हा लाव्हा विषुववृत्ताच्या दक्षिणेला थिजला. म्हणजे आपली जमीन तेव्हा दक्षिण गोलार्धात होती आणि नंतर हजारो किलोमीटर उत्तरेला सरकली. खंडं सरकतात हे म्हणणं त्या काळी बहुतेक भूशास्त्रज्ञ मानायला तयार नव्हते. ते त्यांना मान्य करायला लावणाऱ्या पहिल्या पुराव्यांत आपल्या काळ्या पाषाणाचा वाटा आहे. पुढे १९७१ मध्ये जेसन मॉर्गनने पृथ्वीच्या पोटातून वर येणाऱ्या तप्त स्तंभांची कल्पना मांडली. रियुनियन बेटाखालचा असाच स्तंभ दख्खनच्या उद्रेकामागे असावा, असं आज बरेच शास्त्रज्ञ मानतात. लक्षद्वीप आणि मालदीव ज्यांवर उभे आहेत त्या समुद्राखालच्या डोंगररांगा हा भारताच्या प्रवासाचा माग, आणि रियुनियनवरचा ज्वालामुखी अजून वरचेवर पेटतो.

उद्रेकाचं वय ठरलं सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षं, आणि त्यातला मोठा भाग दहा लाख वर्षांच्या आतच ओतला गेला, हे गेल्या दशकातल्या बारीक मोजणीने दाखवलं. डायनासोर नाहीसे झाले तो हाच काळ. मेक्सिकोत आदळलेली अशनी खरी गुन्हेगार की दख्खनचा विषारी वायू, की दोन्ही मिळून, हा वाद अजून जोरात आहे.

या सगळ्यात आपल्या टापूतला खडक किती जाड आहे हे मात्र बराच काळ कुणी तळापर्यंत जाऊन पाहिलं नव्हतं. पश्चिमेला तो अवाढव्य आहे. कोयनेला घेतलेल्या एका खोल छिद्रात तो ९३० मीटरहून जास्त भरला. पूर्वेकडे तो पातळ होत जातो आणि सोलापूर सोडून वाडीच्या गाडीत बसलं की कलबुर्गीच्या पुढे संपतोच. तिथे शहाबादचा चुनखडक उघडा पडतो, लाव्हापेक्षा कितीतरी पुरातन, खुद्द डायनासोरांच्याही फार आधीचा. सोलापूरच्या घराघरांत जी शहाबादी फरशी अंथरलेली आहे ती त्याचीच.

३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीला भूकंप झाला. सोलापूरही हादरलं, जखमींना घेऊन गाड्या दिवसभर इथल्या रुग्णालयांकडे येत राहिल्या. सुमारे दहा हजार माणसं गेली. काळ्या पाषाणाचा हा मुलूख भूकंपापासून सुरक्षित आहे अशी जी समजूत होती ती एका पहाटेत मोडली. कारण शोधायला हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिकी संशोधन संस्थेने किल्लारीला खोल छिद्र घेतलं. वरून काळी माती, मुरूम, मग मांजऱ्या आणि पाषाण, पुन्हा मांजऱ्या आणि पाषाण, असं करत ३३८ मीटरांवर लाव्हा संपला. त्याच्याखाली आठ मीटर गाळाचा थर निघाला, लाव्हा येण्याआधीच्या जमिनीचा. त्याच्याही खाली अतिप्राचीन ग्नाइस लागला, आणि भूकंपाची मुळं त्या खडकात असल्याने संस्थेची माणसं तिथे न थांबता ६१७ मीटरांपर्यंत खाली गेली.